टोपाची कड

नागवेकरांची सून संघात कॉम्प्युटरवर काम करते हे वाडीला कळलं, तेव्हा पहिला प्रश्न येसूबाईनं विचारला, "म्हंजे बसून करायचं की उभ्यानं?" बसून, असं कळल्यावर तिचं समाधान झालं. बसून करायचं काम म्हणजे सरकारी काम, आणि सरकारी काम म्हणजे जन्माची भाकरी. आता ते सरकारी नव्हतं. आंबा बागायतदारांच्या संघाचं होतं, आणि जन्माचं तर मुळीच नव्हतं. एका हंगामापुरतं, बघू कसं जमतं, असं सांगून ठेवलेलं होतं. पण येसूबाईला कोण समजावणार?

मालन आरे-वारेकडची. गणितात बी.एस्सी. झाली, मग मुंबईत चुलत्याकडे राहून कॉम्प्युटरचा कोर्स केला. त्या वर्षभरात तिला एक गोष्ट पक्की कळली, की मुंबई आपल्यासाठी नाही. खोली एवढीशी, पाण्याची वेळ पहाटेची, आणि शेजारणीला नाव विचारावं तर ती "का?" म्हणून विचारणार. पुढे पावसच्या रस्त्यावरच्या नागवेकरांच्या वाडीत तिचं लग्न झालं. नवरा बोटीवर. वर्षातले दोनेक महिने घरी, बाकी सगळा वेळ दर्यात. सासू लग्नाआधीच गेलेली. दोघे मोठे दीर बायकापोरांसह मुंबईला. म्हणजे घरात माणसं दोनच, मालन आणि तिचे सासरे आप्पा. एवढ्या घरात सून कंटाळेल असं सगळ्यांना वाटलं होतं. ही बया काही कंटाळली नाही. घरापुढच्या खळ्यात बसून समुद्राचं वारं खायचं, आप्पांशी वाद घालायचा, सकाळच्या एस.टी.नं रत्नागिरीला जायचं. तिला ह्यातच सुख होतं, आणि ते ती लपवत नसे.

आप्पा नागवेकर म्हणजे वाडीच्या भांड्यांचे राखणदार. देवळाच्या मागे एक जांभ्याची खोली आहे. तीत वाडीची सामाईक भांडी असतात. तांब्याचे मोठमोठे टोप, त्यांची झाकणं, पराती, हात-हात लांबीचे डाव. लग्न असो, बारसं असो, तेरावं असो, ज्याच्या घरी कार्य त्यानं आप्पांकडे यायचं, भांडी न्यायची, घासून परत आणायची. प्रत्येक घरानं शंभर माणसांचा टोप घेऊन ठेवायचा कशाला? वर्षात एकदा लागणार आणि बाकी वर्षभर त्यात कोंबडी अंडी घालणार. खोलीची किल्ली आप्पांच्या करगोट्याला. आणि वाडीचा एक जुना नियम असा, की ज्याच्याकडे किल्ली त्यानं रात्रीचा मुक्काम वाडीबाहेर करायचा नाही. मरण काही आधी सांगून येत नाही, आणि माणसं जमली की पाणी तापवायला टोप लागतोच. आप्पा त्यापायी कित्येक वर्षं मुंबईला मुलांकडे राहायला गेले नव्हते. मुलं म्हणत, एका टोपासाठी बाप येत नाही. आप्पा म्हणत, एक नाय, सात हायत.

आता संघाचं काम काय होतं ते सांगतो, म्हणजे पुढचा घोटाळा कळेल. बागायतदारांचा माल तीन वाटांनी जायचा आणि तीन वाटांनी त्याची माहिती संघात यायची. पावस वगैरे ठिकाणच्या केंद्रांवरून पेट्यांच्या याद्या यायच्या. त्या कमळा नावाची मुलगी टाइप करून मशीनमध्ये घालायची. मुंबईच्या व्यापाऱ्याकडून फ्लॉपी यायची, ती ट्रकचा ड्रायव्हर प्लास्टिकच्या पिशवीत घालून, देवाच्या फोटोमागे खोचून आणायचा. आणि रस काढणाऱ्या कारखान्याची माहिती तिसरीच. एकाचा हिशेब पेट्यांत, दुसऱ्याचा डझनांत, तिसऱ्याचा किलोत. एकाची तारीख आधी, दुसऱ्याची शेवटी. ह्या तिन्ही तऱ्हा घ्यायच्या, एका साच्यात बसवायच्या आणि प्रत्येक बागायतदाराला त्याच्या मालाचा एक कागद द्यायचा, हे मालनचं काम. त्यासाठी तिनं तीन प्रोग्राम लिहिले. लिहिता लिहिता तिच्या लक्षात आलं की पेटीवरचा बागायतदाराचा मार्का ओळखायचा, डझनांच्या पेट्या करायच्या, तारीख सरळ करायची, हे तर तिन्हीकडे तेच ते आहे. तीनदा कशाला लिहा? मग तिनं ते सगळं काढून एका वेगळ्या फाइलीत ठेवलं. तिन्ही प्रोग्रामांनी गरज पडली की त्या फाइलीत यायचं, लागेल ते वापरायचं, जायचं. त्या फाइलीचं नाव तिनं ठेवलं 'भांडी'. इंग्रजी अक्षरांत, फ्लॉपीच्या लेबलावर, निळ्या शाईनं.

घरी सांगितलं तेव्हा आप्पा खूश झाले. "मंजे तूपण राखणदार झालीस."

"किल्ली नाही पण."

"किल्ली लागते गो. राखणदाराला किल्ली नसली की सगळे मालक होतात."

संघात सगळ्यांना कॉम्प्युटरचं कौतुक होतं अशातला भाग नाही. अध्यक्ष महिपतराव हौशी, त्यांनीच तो आणवला. त्याच्यासाठी वेगळी खोली, गार हवेचं यंत्र. आत जाताना चपला बाहेर काढायच्या. आंब्याच्या हंगामात त्या दारासमोर लाल धुळीनं भरलेल्या वहाणांची रांग लागायची, देवळासारखी. एका म्हातारीनं तर मशीनला हात जोडले आणि दोन आंबे ठेवून गेली. पण चिटणीस गंगारामभाऊ ह्यांनी त्या खोलीत पाऊल टाकलं नव्हतं. "जे आपल्याला उघडून बघता येत नाय त्याच्यावर भरवसा ठेवायचा नाय," असं ते म्हणायचे, आणि चपला काढायला लागू नयेत म्हणून दारातूनच बोलायचे. त्यांनी आणखी एक करून ठेवलं होतं. मुंबईच्या एका कंपनीशी बोलणं. सगळे कागद, फ्लॉप्या त्यांच्याकडे पाठवायच्या, तयार हिशेब परत घ्यायचा. इथं मशीन नको, खोली नको. हंगामाच्या शेवटी कमिटी बसेल आणि काय ते ठरवेल.

तर मालनची सगळी धाकधूक ही एवढीच होती. संघानं काम मुंबईला दिलं की रत्नागिरीत तिच्यासारख्या शिकलेल्या बाईला दुसरं काम नव्हतं. दीर मुंबईहून पत्र लिहून मोकळे झाले होते, की नोकरी गेली तर इकडे ये, खोलीत एक कॉट मावेल. नवऱ्यानं कुठल्यातरी लांबच्या बंदरातून लिहिलं, तुला बरं वाटेल ते कर. बरं वाटेल ते! तिला बरं वाटत होतं ते इथंच होतं. आणि आप्पा? आप्पा ह्या विषयावर अवाक्षर काढत नव्हते. एकदा तिनं विचारलं, "मी गेले तर तुमचं कसं व्हायचं?" तर म्हणाले, "माझं काय, पेज करून खाईन," आणि उठून पोफळींना पाणी घालायला गेले. तिला त्यांचा रागच आला. माणसानं एकदा तरी म्हणावं, राहा.

अक्षय्य तृतीयेच्या आधीची गोष्ट. माल जोरात होता, संघाच्या आवारात ट्रकावर ट्रक. अशात पावसच्या बाजूची राही आली. सदूची बायको. हातात कागद, तोंड उतरलेलं. चपला काढून दारात उभी राहिली.

"बाय, आमच्या पेट्या गेल्या कुठं? कागदावर एक पण नाय."

मालननं पाहिलं. खरंच नव्हती. सदूच्या थोरल्या भावाच्या, रघूच्या कागदावर मात्र दुप्पट होत्या. हळूहळू उलगडा झाला. दोघां भावांची वाटणी झालेली, बोलणं बंद, पण पेटीवरचा बापाचा मार्का दोघांनीही सोडलेला नाही. बापाचा मार्का मोडायचा म्हणजे बाप मेला असं पुन्हा एकदा सांगण्यासारखं. मग पेट्या ओळखायच्या कशा? तर थोरल्याच्या पेटीला सुंभाची एक गाठ, धाकट्याच्या पेटीला दोन. केंद्रावरच्या हमालापासून मुंबईच्या गाळ्यावरच्या माणसापर्यंत सगळ्यांना ठाऊक. न ठाऊक फक्त कॉम्प्युटरला. त्याला मार्का एक दिसला, त्यानं माणूस एक धरला.

"रघूभावजी काय म्हणाले?" मालननं विचारलं.

"त्यांनी माणूस पाठवला. म्हणाले, ह्या पेट्या माझ्या नव्हेत, ज्याच्या त्याला द्या." राहीनं कागदाची घडी घातली. "बोलत नायत, पण चोर नायत."

राहीला तिनं बसवलं, पाणी दिलं, म्हणाली, उद्या ये, करून ठेवते. आणि लागलीच करायला बसली. इथंच चुकलं. आता त्या 'भांडी' फाइलीत नियम असा होता, की ओळीतली पहिली तीन घरं, म्हणजे अक्षरांच्या जागा, मार्क्याची आणि त्याच्यापुढं लगेच मालाचा आकडा. मालननं तिथं आणखी एक घर घातलं, गाठींचं. तिनाची चार घरं केली. कमळाला सांगितलं, पावसची यादी टाइप करताना मार्क्यानंतर गाठी घाल. चालवून बघितलं. सदूच्या पेट्या सदूला, रघूच्या रघूला. वा! तिला स्वतःचंच कौतुक वाटलं. घरी जाताना तिनं आप्पांसाठी खाजं घेतलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मुंबईची फ्लॉपी आली, कारखान्याचीही माहिती आली. नेहमीप्रमाणे आत घातली, कागद छापले, वाटले. आणि आवारात बघता बघता गलका उठला.

झालं होतं असं, की मुंबईच्या फ्लॉपीला आणि कारखान्याला गाठींचं काय माहीत? त्यांच्याकडे मार्क्यानंतर सरळ आकडा. पण 'भांडी' आता चौथं घर गाठींचं समजत होती. आकडा चाळीस असेल तर चाळीसातला चार तिनं गाठी म्हणून खाल्ला, उरलं शून्य. आणि वर मशीन चार गाठींचा बागायतदार शोधत बसलं. तो कुठला सापडायला? ज्यांचा माल मोठा त्यांचा आकडा तेवढा बारीक झाला. अध्यक्ष महिपतरावांच्या स्वतःच्या कागदावर एक पेटी नाही. हौसेनं कॉम्प्युटर आणलेला माणूस, आवारात हातात कोरा कागद घेऊन उभा!

गंगारामभाऊ दारात आले. ओरडले नाहीत. नुसतं म्हणाले, "बाय, माझ्या कागदावर पण भोपळा हाय. उघडून बघता येतं का गो ह्याच्यात, कुठं गेला माल?"

मालनला रडू आवरेना. पण लोकांसमोर रडायचं नाही म्हणून ती मशीनकडं तोंड करून बसली. काय झालं ते तिला लगेच कळलं होतं, आणि कळल्यामुळेच जास्त लाज वाटत होती. 'भांडी'ची जुनी प्रत तिनं एका फ्लॉपीवर काढून बिस्किटाच्या डब्यात ठेवली होती. दमट हवेत बुरशी धरू नये म्हणून डब्यात तांदळाची पुरचुंडीसुद्धा घातली होती. ती प्रत काढली, मशीनवर चढवली, मुंबईची आणि कारखान्याची माहिती पुन्हा घेतली. दुपारपर्यंत सगळे कागद नीट निघाले. महिपतरावांना त्यांच्या पेट्या मिळाल्या. पण झालेली शोभा काही परत जात नाही. येत्या रविवारीच कमिटी बसेल, असं गंगारामभाऊंनी जाहीर केलं. हंगामाच्या शेवटाची वाट बघायला नको. मुंबईच्या कंपनीचा माणूसही येणार.

संध्याकाळी घरी आली तर आप्पा खळ्यात सुंभ वळत बसलेले. तिचं तोंड बघूनच म्हणाले, "आधी चहा पी." चहा पिता पिता तिनं सगळं सांगितलं. आप्पा ऐकत राहिले, ऐकता ऐकता त्यांच्या मिश्या हलायला लागल्या, आणि मग ते चक्क हसले.

"तुम्हाला हसू येतंय?"

"सूनबाय, तू टोपाची कड ठोकलीस."

तिला त्या टोपाची हकिगत ठाऊक होती. वाडीत ती कुणाला ठाऊक नाही? येसूबाईनं घर बांधलं तेव्हाची. वास्तुशांतीला उकडीच्या मोदकांचा बेत. येसूबाईच्या चाळणीचा घेर मोठा, ती वाडीच्या टोपात आत बसेना, आणि वर ठेवली तर झाकण बसेना. येसूबाई आप्पांची मावसबहीण. तिनं गळ घातली, आप्पांनाही दया आली. तांबटाला बोलावून त्यांनी टोपाची कड बाहेर ठोकून घेतली, तोंड मोठं केलं. मोदक काय झाले होते म्हणता! मग पुढच्याच महिन्यात धोंडूच्या मुलीचं लग्न. त्याच टोपात भात चढवला, झाकण ठेवायला गेले तर झाकण आत पडतंय. वाफ धरेना. वऱ्हाड पंगतीत बसलेलं आणि वरचा भात कच्चा. नवऱ्याकडची माणसं एकेक शीत दाताखाली धरून एकमेकांकडे बघत होती. आप्पा त्या दिवशी देवळामागे जाऊन बसले ते जेवायलासुद्धा आले नाहीत. तेव्हापासून वाडीचा नियम, सामाईक भांडं सगळ्यांना विचारल्याशिवाय ठोकायचं नाही. चाळण मोठी असेल तर चाळण बदला.

मालननं ह्या गोष्टीवरून आप्पांना किती चिडवलं होतं! लग्न होऊन आली त्या वर्षी तर भात वाढताना रोज विचारायची, "शिजलाय ना हो?" आता तिचंच तिला हसू आलं. "सासऱ्याचा गुण सुनेला," ती म्हणाली.

"वाण नाय पण गुण लागला," आप्पा म्हणाले. "तू पण दयेनंच केलंस. दयेनं केलेली चूक लवकर लक्षात येत नाय, कारण करताना बरं वाटतं." मग सुंभाचं टोक पायाच्या अंगठ्यात धरून म्हणाले, "त्या राहीच्या मोदकांचं काय पण?"

तो प्रश्न होताच. जुनी 'भांडी' परत आली म्हणजे सदूच्या पेट्या पुन्हा रघूच्या नावावर. मालन उठली, चुलीशी गेली, भात टाकला. आणि तांदूळ धुताना तिला कळलं काय करायचं ते. अहो, चाळण बदला, हेच!

दुसऱ्या दिवशी तिनं 'भांडी'ला बोटसुद्धा लावलं नाही. पावसच्या यादीसाठी एक छोटासा वेगळा प्रोग्राम लिहिला. तो आधी चालायचा. यादीतल्या गाठी बघायचा, दोन गाठींच्या ओळीला तीनच घरांचं एक आतलं नाव द्यायचा, आणि मग ती ओळ 'भांडी'कडे पाठवायचा. 'भांडी'ला कळायचंसुद्धा नाही की गाठी नावाची काही भानगड आहे. शेवटी कागद छापताना त्या आतल्या नावाच्या जागी पुन्हा बापाचा मार्का. त्या प्रोग्रामचं नाव अर्थातच 'चाळण'. ह्या वेळी तिनं आधी मुंबईची जुनी फ्लॉपी, कारखान्याची जुनी माहिती, सगळं चालवून बघितलं. कमळा म्हणाली, "पावसचं बदललंय ना, मग मुंबईचं कशाला बघताय?" मालन म्हणाली, "पावसचे मोदक झाले म्हणून भात शिजला असं होत नाही." कमळाला काही कळलं नाही, पण ती मान हलवून टाइप करायला लागली.

राही आली, ह्या वेळी सदूला घेऊन. कागदावर त्यांच्या पेट्या होत्या. सदूनं पेट्या नाही बघितल्या. वर कोपऱ्यात छापलेल्या मार्क्यावर बोट ठेवून विचारलं, "बापाचा तसाच ठेवलाय ना?" तसाच होता. "दादाच्या कागदावर पण?" त्याच्याही. मग जाताना पेंढ्यात गुंडाळलेले आंबे ठेवून गेला.

रविवारी सकाळी मालन निघाली तेव्हा आप्पा धुतलेलं धोतर नेसून बसलेले. "तुम्ही कुठं?" तर म्हणाले, काल देवळात वाडीची बैठक झाली, आज येसूबाईकडे कामाचं बोलायचंय. उत्सव जवळ आलेला, त्याचंच काहीतरी असेल म्हणून तिनं पुढं विचारलं नाही. एस.टी.त बसल्यावर वाटलं, निदान आजच्या दिवशी तरी त्यांनी दोन शब्द बोलायला हवे होते.

कमिटी वरच्या मजल्यावर बसली होती. मुंबईच्या कंपनीचा माणूस टाय लावून आलेला, घामानं निथळत होता पण टाय सोडत नव्हता. माणूस वाईट नव्हता. त्यानं आपल्या कंपनीची माहिती नीट सांगितली आणि मालनकडे वळून म्हणाला, "मॅडमनाही आम्ही आनंदानं घेऊ. काम त्यांचंच आहे, फक्त टेबल मुंबईत असेल." सगळ्यांना ते बरं वाटलं. म्हणजे पोरीचं नुकसानही नाही. दोघातिघांनी माना डोलावल्या. मालनला नोकरी जाते म्हणून भांडता आलं असतं. नोकरी राहते आणि घर जातं, ह्याच्याविरुद्ध कमिटीत काय बोलणार?

महिपतराव म्हणाले, "तुला काही सांगायचंय?"

ठरवून आणलेलं सगळं ती विसरली. म्हणाली, "चूक माझीच आहे. मी टोपाची कड ठोकली." आणि मग, दुसरं काही सुचेना म्हणून, तिनं वाडीच्या टोपाचीच गोष्ट सांगायला घेतली. येसूबाईची चाळण, मोदक, पुढचं लग्न, कच्चा भात. सांगता सांगता 'भांडी' म्हणजे काय, तीन प्रोग्राम ती कशी वापरतात, तिनं एकासाठी ती बदलली आणि दोघांचं कसं बिघडलं, तेही आलं. आता हंगामात 'भांडी'ला कोणी हात लावणार नाही, मीसुद्धा नाही, हंगामानंतर लावायचा तर तिन्हीकडचं सगळं चालवून बघून मगच, असा नियम केलाय म्हणाली. "आणि मला मुंबईला जायचं नाही," हे तिच्या तोंडून कसं निघालं तिचं तिला कळलं नाही. "तुम्ही काम तिकडे दिलंत तर द्या. पण मला इथंच राहायला आवडतं."

 मग कोपऱ्यातून गंगारामभाऊंचा आवाज आला.

"कुठली वाडी म्हणालीस?"

तिनं सांगितली.

"लग्न कुणाचं? धोंडूच्या पोरीचं? नवरा वेळणेश्वराकडचा?"

"हो. म्हणजे, असं सांगतात. मी तेव्हा नव्हते."

"मी होतो," गंगारामभाऊ म्हणाले. "नवऱ्याच्या वऱ्हाडात. तो कच्चा भात मी खाल्लाय. दोन दिवस पोट धरून होतो." सगळे हसायला लागले, पण भाऊ हसत नव्हते. "त्याच्यानंतर त्या वाडीत माझं तीनचारदा जेवण झालं. भात असा कधी खाल्ला नाय. मोकळा, एकेक शीत वेगळं. मी तेव्हा विचारलं पण होतं, आचारी बदललात काय? तर म्हणाले, आचारी तोच, राखणदार पण तोच." त्यांनी मुंबईच्या माणसाकडे बघितलं, अगदी प्रेमानं. "साहेब, तुमच्याकडे हुशार माणसं असतील. पण ती अजून चुकायची हायत. आमच्या मालावर चुकतील. हिचा कच्चा भात आम्ही खाऊन बसलोय. आता तुमचा कशाला खाऊ?"

 मुंबईच्या माणसानंसुद्धा टाय सैल केला आणि हसला. मशीन राहिलं, मालन राहिली, आणि हंगामापुरती नाही, कायमची. महिपतरावांनी चहा मागवला. उतरताना गंगारामभाऊ कॉम्प्युटरच्या खोलीपाशी थांबले, जरा विचार केला, आणि चपला काढून आत गेले. "कुठाय ती भांडी?" त्यांनी विचारलं. मालननं बिस्किटाचा डबा उघडून फ्लॉपी दाखवली. त्यांनी ती उलटसुलट करून पाहिली. "कल्हई बरी हाय," म्हणाले, आणि खोलीला नीट कुलूप घालून किल्ली जवळ ठेवायला सांगून गेले.

मालन वाडीच्या फाट्यावर उतरली आणि पळतच आली. खळ्यात आप्पा बसलेले, शेजारी येसूबाई. मालन काही सांगायच्या आत येसूबाईच म्हणाली, "आलीस? टोप हवाय गो मला, मोठा. शुक्रवारी सत्यनारायण हाय."

"आप्पांना सांगा की."

"आप्पाला कशाला? किल्ली तुझ्याकडे ना आता."

मालन आप्पांकडे बघायला लागली. आप्पांनी करगोटा चाचपला, किल्ली सोडली आणि तिच्यासमोर ओट्यावर ठेवली. "काल बैठकीत ठरलं," म्हणाले. "माझं वय झालं. वाडीला विचारलं, सून चालेल काय. सगळे चालेल म्हणाले."

"पण किल्ली ज्याच्याकडे त्यानं वाडीबाहेर राहायचं नाही."

"व्हय."

"काल ठरलं? म्हणजे कमिटीच्या आधी?" तिचा आवाज चढला. "आणि आज त्यांनी काम मुंबईला दिलं असतं तर?"

आप्पांनी सुंभाचा वळलेला पीळ हातात घेतला, परत खाली ठेवला.

"दोघे मुंबईनं नेले," ते म्हणाले. "धाकटा बोटीनं नेला. तेव्हा मी कुणाला काय बोललो नाय, पोरांचं भलं म्हणून. ह्या वेळेला मात्र द्यायचं नाय असं ठरवलं होतं." आणि मग, तिच्याकडे न बघता, "तुला नको असेल तर परत दे. जबरदस्ती नाय."

ती किल्ली जुनी, जड, हातभर नाही पण चांगली बोटभर लांब. मालननं पिशवीतून संघाच्या किल्लीची कडी काढली, तिच्यात ही अडकवायला गेली तर कडी लहान. मग तिनं ती कडी नाही ताणली. वळलेल्या सुंभातला एक तुकडा तोडून घेतला, दोन्ही किल्ल्या त्यात ओवल्या आणि दोन गाठी मारल्या.

"शुक्रवारी ना?" तिनं येसूबाईला विचारलं. "टोप मिळेल. चाळण केवढी आहे ते आधी दाखवा."